भुताची भूमिका आणि तुमचे नाव

स. न. वि. वि.

तुमचे सविस्तर पत्र आणि त्यासोबत पाठवलेल्या चित्रफिती मिळाल्या. इतर वाचकांना संदर्भ कळावा म्हणून पत्राचा आशय आधी थोडक्यात देतो. तुम्ही अंबाजोगाई परिसरात राहता, वय २९, आणि छत्रपती संभाजीनगरच्या विद्यापीठातून नाट्यशास्त्राची पदवी घेतली आहे. पुण्यात दोन वर्षे ऑडिशन देऊनही हाती काही लागले नाही म्हणून गावी परतलात आणि लातूर-नांदेडकडच्या काही तरुणांनी अगदी तुटपुंज्या खर्चात काढलेल्या पाच विनोदी भयपटांत कामे केलीत. हे चित्रपट तालुक्याच्या एखाद्या थिएटरात लागतात, मग यूट्यूबवर येतात आणि तिथे ते खूप पाहिले जातात. पाचही चित्रपटांत तुम्ही हडळ किंवा तत्सम भूतच आहात. आठवडी बाजारात पोरे तुम्हाला भूमिकेच्या नावाने हाका मारतात. गेल्या चित्रपटाचे निम्मे मानधन थकले आहे आणि मुखवट्याच्या रबराने चेहऱ्यावर पुरळ उठले आहे. वडील जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त झालेले शिक्षक आहेत आणि भुताची सोंगे घेणाऱ्या मुलीला कोण करून घेणार, असे ते रोज म्हणतात. आता मुंबईच्या एका मालिकेत नायिकेच्या जावेची लहानशी भूमिका चालून आली आहे, आणि त्याच वेळी त्या तरुणांचा सहावा चित्रपटही ठरतो आहे. याला कारकीर्द म्हणायचे का, मालिका घ्यावी का, वडिलांना काय सांगावे आणि भुताचा शिक्का पुसण्यासाठी पडद्यावरचे नाव बदलावे का, असे तुमचे चार प्रश्न आहेत.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर आडपडदा न ठेवता देतो. ही कारकीर्दच आहे, आणि तुमच्याकडे या कामासाठी लागणारी दुर्मीळ समज आहे. हा चित्रपटप्रकार सोडू नका. सोडायच्या आहेत त्या आजवर मुकाट्याने मान्य केलेल्या अटी.

असे का म्हणतो, ते तुमच्याच दुसऱ्या चित्रपटातल्या पिठाच्या गिरणीच्या प्रसंगावरून सांगतो, कारण तो मी पुन्हा पुन्हा पाहिला. रात्रीची वेळ आहे, बऱ्याच वेळाने वीज आली आहे आणि बायका डबे घेऊन गिरणीपुढे रांगेत बसल्या आहेत. हडळही आपला डबा घेऊन रांगेत येते. तुम्ही तिथे डोळे वटारत नाही, किंचाळत नाही. आधी पदर सावरता, मग उलट्या पायाच्या टाचेने डबा पुढे सरकवता आणि दिवसभर राबलेल्या कोणत्याही बाईच्या कंटाळलेल्या सुरात विचारता, "अजून लई वेळ लागायलाय का?" गिरणीवाला पीठ झटकता झटकता उत्तर देतो, त्याची नजर सहज त्या टाचेवर जाते आणि त्याचा हात थांबतो. हसू आधी येते आणि भीती त्याच्या पाठोपाठ, जेमतेम एका श्वासाच्या अंतराने येते. ते अंतर तुम्ही राखले आहे. तुम्ही हसू मागायला गेला असता तर भीती उरली नसती, आणि घाबरवायला गेला असता तर तो डबा, ती रांग, तो कंटाळा सगळे वाया गेले असते. भुताला स्वतःचे भूतपण विनोदी वाटता कामा नये, त्याला फक्त दळण घरी न्यायचे असते, हे तुम्हाला कळले आहे. चांगल्या चांगल्या नटांना ते कळत नाही. शिवाय तो "लागायलाय" हा आपल्याकडचा शब्द तुम्ही प्रमाण भाषेत घासून पुसून टाकला नाहीत, म्हणून ती हडळ थेट आपल्या गावची वाटते.

याउलट पाचव्या चित्रपटात तुमचा सगळा चेहरा रबरी मुखवट्याखाली गेला आहे आणि तुम्ही बराच वेळ नुसत्या ओरडता. ते काम कोणीही करू शकले असते. दिग्दर्शकाला मुखवटा मोठा करणे म्हणजे चित्रपट मोठा करणे वाटले असावे. तुम्ही त्याला गिरणीचा प्रसंग परत दाखवा आणि मुखवट्याऐवजी चेहरा मागा.

वडिलांच्या बोलण्यात या कामाविषयी एक हलकेपणाचा भाव आहे, म्हणून परंपरेविषयी चार शब्द लिहितो. भूत आणि हसू एकत्र आणणे हे काही मोबाइलवाल्या पोरांचे खूळ नाही. आपल्या पैठणच्या एकनाथ महाराजांनी सोळाव्या शतकात भारुड लिहिले त्यात मोठे जबर भूत लागल्याची तक्रार आहे, उतारे करणारे देवऋषी आहेत, आणि नारदापासून ध्रुवापर्यंत सगळ्यांना झपाटणारे ते भूत शेवटी सर्वांठायी असलेला परमेश्वर निघतो. सोंगी भारुडात कलाकार अंगात आल्यासारखा घुमतो, माणसे हसतात, लहान मुले आईला बिलगतात आणि अर्थ त्यानंतर मनात उतरतो. तुमचे वडील शिक्षक आहेत, तेव्हा नाथांचे भारुड त्यांना मी सांगायला नको. त्यांनी ते आणि तुमचे काम एकाच ओळीत ठेवून कधी पाहिले नसेल, एवढेच.

आता कारकिर्दीविषयी. दिलीप प्रभावळकर यांचा प्रवास नीट पाहा. १९८२ च्या 'एक डाव भुताचा' या चित्रपटात अशोक सराफ भूत होते आणि त्यांच्यासमोर प्रभावळकर होते. १९९१ मध्ये 'चौकट राजा'त त्यांनी मनाने लहानच राहिलेला नंदू केला. त्यानंतर दोनच वर्षांनी महेश कोठारे यांच्या 'झपाटलेला'मध्ये ते तात्या विंचू झाले. या गुंडाचा आत्मा ज्या बाहुल्यात शिरतो तो रामदास पाध्ये यांचा, आणि त्या बाहुल्यापुढे लक्ष्मीकांत बेर्डे यांनी जिवाच्या आकांताने केलेली धावाधाव आजही घराघरांत पाहिली जाते. २००४ च्या 'पछाडलेला'त प्रभावळकर पुन्हा भुताच्या भूमिकेत आले, आणि २००६ मध्ये एका हिंदी चित्रपटात महात्मा गांधी झाले. त्या वर्षीच्या कामासाठी त्यांना सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. भुताने त्यांची वाट अडवली नाही. अर्थात त्यांच्या मागे रंगभूमी आणि लेखन भक्कम उभे होते, दोन भुतांच्या मध्ये ते वेगळी माणसे उभी करत राहिले, आणि तुमच्या बाबतीत नेमकी हीच जागा आज रिकामी आहे.

दुसरे उदाहरण दूरचे आहे, पण तुमच्या परिस्थितीशी अधिक जुळणारे आहे. अमेरिकेतल्या मिशिगन राज्यातल्या काही मित्रांनी, ज्यांच्याकडे ना पैसा होता ना ओळख, 'द ईव्हिल डेड' हा भयपट काढला. सॅम रेमी दिग्दर्शक होता आणि ब्रूस कॅम्पबेल नायक. पूर्ण चित्रपटासाठी पैसे मागायला जाण्याआधी १९७८ मध्ये त्यांनी सुपर-८ फिल्मवर एक लघुपट केला आणि पैसे लावू शकतील अशा लोकांना तो दाखवला. नंतर टेनेसीतल्या एका पडक्या लाकडी घरात, कडाक्याच्या थंडीत चित्रीकरण झाले. रक्त म्हणून मक्याच्या पाकात रंग कालवलेला होता. तो पाक कॅम्पबेलच्या शर्टात इतका मुरला की शेकोटीजवळ वाळवलेला शर्ट अंगात घालताना मोडला, असे सांगतात. चित्रपट १९८१ मध्ये पडद्यावर आला. १९८७ च्या दुसऱ्या भागात तो विनोदाकडे झुकला आणि त्यात कॅम्पबेलचा स्वतःचाच हात झपाटलेला आहे. तो हात त्याच्याच डोक्यावर बशा फोडतो, त्याला फरफटत नेतो. झपाटलेला आणि झपाटणारा अशी दोन्ही पात्रे एकाच नटाने, एकाच शरीरात, एकाच वेळी करायची होती. शारीरिक अभिनयाचा धडा म्हणून हा प्रसंग जरूर पाहा, आणि डावा हात उजव्याला ओळखत नाही हे तो खांद्यापासून कसे दाखवतो तिकडे लक्ष ठेवा. १९९२ मध्ये तिसरा भाग आला. पुढे २००१ मध्ये कॅम्पबेलने आत्मचरित्र लिहिले, त्यात स्वतःला दुय्यम दर्जाच्या चित्रपटांचा नट म्हणवून घेतले आणि त्यात कमीपणा मानला नाही. २०१५ ते २०१८ या काळात त्याच नायकावर दूरचित्रवाणी मालिका निघाली आणि नायक तोच राहिला.

मला तुमचे लक्ष एका गोष्टीकडे वेधायचे आहे. कॅम्पबेल त्या पहिल्या चित्रपटात केवळ नट नव्हता, निर्मितीतही त्याचा वाटा होता. त्यामुळे चित्रपटाचे पुढे जे झाले त्यात तो बाहेरचा माणूस राहिला नाही. याच्या शेजारी हिंदीत भयपट काढणाऱ्या आपल्या रामसे बंधूंच्या चित्रपटांतले अनिरुद्ध अग्रवाल ठेवा. १९८४ च्या 'पुराना मंदिर'मधला सामरी आणि १९९० च्या 'बंद दरवाजा'तला सैतान त्यांनी केला. व्हिडिओ कॅसेटच्या काळात मराठवाड्यातल्या गावोगावी रात्र रात्र ते चित्रपट पाहिले गेले. तो चेहरा पाहून दचकलेली माणसे आज पन्नाशीत आहेत, तरी नाव विचारले तर सांगणारे फार थोडे भेटतील. चेहऱ्याची कीर्ती आणि नटाची ओळख यांत एवढे अंतर पडू शकते, आणि आज तुम्ही त्या अंतराच्या मधोमध उभ्या आहात.

म्हणून सहाव्या चित्रपटाला होकार द्या, पण आधी कागद करा. मागचे थकलेले मानधन पूर्ण मिळाल्याशिवाय नव्या चित्रपटाच्या एकाही दिवसाची तारीख देऊ नका. ही मंडळी तुमची मित्र आहेत, मागायला संकोच वाटतो, असे तुम्ही लिहिले आहे. मैत्री असेल तर ती या मागणीने तुटणार नाही. नव्या करारात मानधनाचे हप्ते चित्रीकरणाच्या टप्प्यांशी बांधा आणि शेवटचा हप्ता डबिंगच्या आधी घ्या, कारण तुमचा आवाज त्यांना हवा असतो तोवरच तुमच्या शब्दाला वजन असते. रक्कम वाढवून देणे त्यांना खरोखर शक्य नसेल तर यूट्यूबच्या उत्पन्नात टक्केवारी मागा, हिशेब दर तीन महिन्यांनी दाखवायचा असे लिहून घ्या आणि त्यासाठी तुम्हाला चॅनेलचे आकडे प्रत्यक्ष पाहता आले पाहिजेत हेही नमूद करा. प्रताधिकार (कॉपीराइट) कायद्यात २०१२ साली झालेल्या दुरुस्तीनुसार, चित्रपटात काम करण्याची लेखी संमती दिल्यावर कलाकाराला निर्मात्याच्या वापरावर हरकत घेता येत नाही, मात्र कामाच्या व्यावसायिक वापराबद्दल स्वामित्वधनाचा (रॉयल्टीचा) हक्क कायदा मान्य करतो. तो वसूल करायला कोर्टाची पायरी चढण्यापेक्षा करारात चार ओळी लिहून घेणे कितीतरी स्वस्त पडते. तुमचा चेहरा आणि आवाज संगणकाने नक्कल करून पुढच्या भागांत वापरायचा नाही, हेही आता स्पष्ट लिहावे लागते.

कागदाचा निष्काळजीपणा किती महाग पडतो याचा दाखला याच चित्रपटप्रकारात आहे. १९६८ मध्ये जॉर्ज रोमेरो यांनी अगदी कमी पैशात काढलेला 'नाइट ऑफ द लिव्हिंग डेड' जगभर चालला. पण प्रदर्शनाच्या वेळी नाव बदलताना नव्या श्रेयपट्टीवर प्रताधिकाराची ओळ टाकायची राहून गेली. अमेरिकेच्या तेव्हाच्या कायद्याप्रमाणे एवढ्यावरून चित्रपट सार्वजनिक मालकीचा ठरला आणि करणाऱ्यांच्या हाती त्या प्रचंड लोकप्रियतेच्या मानाने फार थोडे आले. तुमच्या दिग्दर्शक मित्रांनाही हे वाचायला द्या, त्यांच्या फायद्याचे आहे.

चेहऱ्यावरच्या पुरळाचा उल्लेख तुम्ही एका वाक्यात उरकला आहे, मला मात्र तो सगळ्यात गंभीर वाटला. आधी त्वचारोगतज्ज्ञाकडे जा आणि लॅटेक्सची, म्हणजे मुखवट्याच्या रबराची, ॲलर्जी आहे का ते तपासून घ्या, कारण काही लोकांना तिचा त्रास त्वचेपुरता राहत नाही, श्वासही अडकतो. ॲलर्जी निघाली तर रबरी मुखवट्याचा विषय तिथेच संपला, मग रंगभूषेवर आणि अभिनयावर भूत उभे करावे लागेल, आणि ते तुम्हाला उत्तम येते. ॲलर्जी नसली तरी नवा डिंक किंवा रंग आदल्या दिवशी हाताच्या आतल्या बाजूला लावून पाहायचा, मुखवटा ओढून काढायचा नाही, तो सोडवण्याच्या द्रवाने सावकाश काढायचा आणि त्यासाठी लागणारा वेळ चित्रीकरणाच्या वेळेत धरायचा. पांढऱ्या बुबुळांच्या लेन्स नेत्रतज्ज्ञाने तुमच्या डोळ्याला बसवून दिलेल्या असतील तरच घाला, आधी दुसऱ्याने वापरलेल्या असतील तर हातही लावू नका. एप्रिल-मे महिन्यांत आपल्याकडे रात्रीसुद्धा भिंती तापलेल्या असतात, अशा वेळी मुखवट्याखाली सलग तासन्‌तास राहणे म्हणजे उष्माघाताला बोलावणे आहे. हे सगळे सांगताना कलाकार नखरे करते असे कोणी म्हणाले तर म्हणू द्या.

कथेबाबतही एक अट घाला, अशी माझी कळकळीची विनंती आहे. तुमच्या चौथ्या चित्रपटात भूत उतरवण्यासाठी एका बाईला झोडपण्याचा प्रसंग विनोद म्हणून आला आहे. आपल्या भागात 'बाहेरचं लागलंय' म्हणून बायकांना खरोखर मार बसतो, करणी करते म्हणून एखादीला वाळीत टाकले जाते. २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा अशाच प्रकारांसाठी करावा लागला. तुमचे चित्रपट ऊसतोडीला गेलेली माणसे रात्री कोपीत, म्हणजे आपल्या झोपडीत, बसून मोबाइलवर पाहतात, असे तुम्हीच अभिमानाने लिहिले आहे. त्या कोपीत एखादी अशी मार खाल्लेली बाईही बसलेली असेल. भुतावर हसा, देवऋषीवर हसा, भित्र्या पाटलावर पोट धरून हसा, पण तिच्यावर नको. हे टाळायचा उत्तम उपाय म्हणजे कथा लिहिताना तुम्ही हजर असणे. सहाव्या चित्रपटाच्या लेखनात तुमचे नाव असावे असे मला वाटते, कारण गिरणीच्या प्रसंगातली टाचेची युक्ती तुमचीच होती, असे तुम्ही कळवले आहे.

आता मालिकेविषयी. तारखा जुळत असतील तर घ्या, पण आधीचे काम धुऊन काढणारे तीर्थ म्हणून तिकडे जाऊ नका. मालिकेत कॅमेऱ्यापुढे रोज उभे राहण्याची सवय होते, मुंबईतल्या लोकांची ओळख होते, घरच्यांना दाखवायला काही मिळते. मात्र मानधन बहुधा ९० दिवसांनी हाती येते, मुंबईत राहण्याचा खर्च पहिल्या दिवसापासून सुरू होतो आणि जावेची भूमिका कथेने तिसऱ्याच आठवड्यात माहेरी पाठवली तर दाद मागता येत नाही. चार महिने निभावतील एवढे पैसे गाठीशी असतील तरच निघा. त्यांनी तुमचे आपल्याकडचे बोलणे "सुधारायला" सांगितले तर प्रमाण भाषा जरूर बोला, नटाला सगळ्या बोली यायला हव्यात, पण आपली बोली टाकून देऊ नका. मकरंद अनासपुरे यांनी मराठवाड्याचीच बोली पडद्यावर आणली आणि साऱ्या महाराष्ट्राने ती डोक्यावर घेतली. भूमिका हाती आली नाही तरी फार वाईट वाटून घेऊ नका. त्यापेक्षा राज्य नाट्य स्पर्धेसाठी जवळच्या संस्थेत एखादे गंभीर नाटक करा. वर मी रिकामी जागा म्हणालो ती नाटकानेही भरेल, कदाचित अधिक चांगली भरेल.

वडिलांशी वाद घालू नका. त्यांचा राग चित्रपटांवर कमी आणि तुमच्या भविष्याच्या काळजीपोटी जास्त आहे, आणि थकलेले पैसे, उठलेले पुरळ त्यांना रोज डोळ्यांसमोर दिसते. करार झाला, पैसे वेळेवर आले, चेहरा बरा झाला की त्यांचे निम्मे बोलणे आपोआप थांबेल. लग्नाचे म्हणाल, तर ज्या घराला तुमचे काम लाजिरवाणे वाटते त्या घरात गेल्यावर ते काम बंद पडेल, हे त्यांना शांतपणे सांगा आणि स्थळ पाहायला येणाऱ्यांना भूमिकांची माहिती आधीच द्या, लपवू नका. शक्य झाले तर वडिलांना एकदा चित्रीकरणाला घेऊन जा. आपली मुलगी एका क्षणाच्या विरामासाठी तोच शॉट पुन्हा पुन्हा करते, हे शिक्षकाला पाहू द्या.

नाव बदलू नका. पाच चित्रपटांची मेहनत ज्या नावावर जमा व्हायला हवी ते नाव टाकून दिले तर सगळी पुंजी भुताच्याच खात्यावर राहील. सध्या पोस्टरवर तुमचे नावच नसते, नुसते "हडळ फेम" असते, हे वाचून मला वाईट वाटले. आपल्या कामाचे कर्तृत्व आपल्या नावाने ओळखले जावे हा कलाकाराचा हक्क वर सांगितलेल्या दुरुस्तीनेच मान्य केला आहे. करारात लिहून घ्या की श्रेयनामावलीत, पोस्टरवर आणि यूट्यूबच्या वर्णनात तुमचे संपूर्ण नाव भूमिकेच्या नावाआधी येईल. जुन्या पाचही चित्रपटांच्या वर्णनात ते आत्ताच घालायला सांगा, त्याला पैसे लागत नाहीत. दिग्दर्शकांनी कराराचा मसुदा दिला की सही करण्याआधी एखाद्या वकिलाच्या नजरेखालून घाला, आणि हवे असल्यास त्याची प्रत मलाही पाठवा, मी वाचून कळवीन.